टाकळीचा शंख, टाकळघाटचा नाला

सेकंड इयर सिव्हिलच्या मुलांना जिऑलॉजीच्या प्रॅक्टिकलला एक लाकडी ट्रे हातात मिळतो. त्यात बेसाल्ट, ग्रॅनाईट, कॅल्साईट, क्वार्ट्झ असे नेहमीचे यशस्वी कलाकार असतात. त्यांचे गुणधर्म सीनियरच्या जर्नलमधून उतरवून काढले की काम भागतं. (स्टाफने हे वाक्य वाचलं नाही असं समजावं!) आमच्या ट्रेमध्ये मात्र कोपऱ्यात एक वेगळाच नमुना होता. बोटभर लांब, एका बाजूला निमुळता, दुसऱ्या बाजूला वाटीसारखा खोलगट. अगदी वासराच्या शिंगासारखा. चिठ्ठीवर लिहिलं होतं, रुगोज प्रवाळ.

व्हायवाला सरांनी तोच उचलला आणि विचारलं, हा प्रवाळ कशावरून? मी छातीठोकपणे सांगितलं, शिंगासारखा आकार आहे म्हणून. सर हसले. आकार हा शेवटचा पुरावा, असं काहीसं म्हणाले, आणि पुढची दहा मिनिटं व्हायवा घ्यायचं सोडून शिकवतच बसले. मागे रांगेत उभ्या असलेल्या मुलांनी मला मनातल्या मनात किती शिव्या दिल्या असतील ते सोडा, पण त्या दहा मिनिटांत मला जे कळलं ते पूर्ण सेमिस्टरमध्ये कळलं नव्हतं.

रुगोज प्रवाळ म्हणजे समुद्राच्या तळाशी राहणारे, आता पूर्ण नामशेष झालेले प्राणी. त्यांतले काही वसाहत करून राहत, काही एकटे. एकटा प्राणी खालून वर वाढताना रुंद होत जातो, म्हणून त्याचं घर शिंगासारखं होतं. पण पाण्याचा प्रवाह बदलला, प्राणी कलंडला की घर वाकडं होतं. म्हणजे एकाच जातीचे दोन प्रवाळ बाहेरून वेगळे दिसू शकतात आणि दोन वेगळ्या जातींचे सारखे. त्यामुळे ओळख पटवायची तर नमुना आडवा कापायचा, घासून गुळगुळीत करायचा आणि भिंगाखाली आत बघायचं. आत चाकाच्या आऱ्यांसारखे उभे पडदे असतात. आधी सहा पडदे तयार होतात, मग नवे मोठे पडदे फक्त चार जागी भरत जातात. आजच्या प्रवाळांत हिशोब सहाचा असतो, रुगोजमध्ये चाराचा. शिवाय आतले आडवे मजले कसे आहेत, कडेला फोडांसारख्या पातळ चकत्या आहेत का, मध्यभागी खांब आहे का, या सगळ्यांवरून जात ठरते. बाहेरच्या सालीवर बारीक रेघा असतात, त्या रोजच्या वाढीच्या. जॉन वेल्स या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९६३ साली अशा रेघा मोजून दाखवून दिलं की सुमारे ३८ कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीचं वर्ष जवळजवळ ४०० दिवसांचं होतं. दगडात कॅलेंडर!

आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे हे प्राणी सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वी, पर्मियन काळाच्या शेवटी, पृथ्वीवरून साफ गेले. म्हणजे ज्या खडकात हे शिंग जागच्या जागी सापडलं, तो खडक त्याहून जुना. एका दगडाने वयाचा दाखला मिळतो.

मी विचारलं, सर, महाराष्ट्रात हे कुठे मिळतं? सरांनी खिडकीबाहेर बोट केलं. ओव्याला आपल्या होस्टेलच्या मागे खारघरचा डोंगर उभा आहे. पावसाळ्यात त्यावरून धबधबे सुटले की आपण मोबाईलवर फोटो काढतो. तो सगळा बेसाल्ट, थिजलेला लाव्हा. त्यात समुद्री प्रवाळ कसा मिळणार? विदर्भात लाव्ह्याच्या खाली जुने थर आहेत, पण ते नद्यांचे आणि तळ्यांचे, समुद्राचे नाहीत. हिमालयाच्या बाजूला शोधा, महाराष्ट्रात नाही. मग इथल्या खडकांचं वय माणसाने ओळखायचं कसं? सर म्हणाले, तू नागपूरकडचा ना? मग हे तू मलाच सांगायला हवंस. हिस्लॉपचं नाव ऐकलंय का?

आता नागपूरकडच्या माणसाला हिस्लॉप ठाऊक नाही असं होईल का? सिव्हिल लाईन्समधलं हिस्लॉप कॉलेज! माझे दोन मामा तिथलेच. पण हिस्लॉप हा माणूस कोण, हे ना मामांना सांगता आलं ना मला. सुट्टीत घरी गेल्यावर शोधाशोध केली. जे हाती लागलं ते इथे मांडतो आहे.

स्टीफन हिस्लॉप यांचा जन्म ८ सप्टेंबर १८१७ रोजी स्कॉटलंडमधल्या डन्स या लहानशा गावात झाला. वडील गवंडीकाम करणारे, म्हणजे दगड आणि चुन्याशी घराचं नातं आधीपासूनच होतं. मुलगा हुशार निघाला. एडिंबरो आणि ग्लासगो इथे शिकला आणि धर्मोपदेशक व्हायचं ठरवून ईश्वरविद्येकडे वळला. त्याच सुमाराला, १८४३ मध्ये, स्कॉटलंडच्या चर्चमध्ये मोठी फूट पडली. गावच्या चर्चमध्ये पाद्री कोण असावा हे जमीनदाराने ठरवायचं की लोकांनी, असा तो वाद होता. साडेचारशेहून जास्त पाद्री पगार, घर सगळं सोडून बाहेर पडले आणि त्यांनी फ्री चर्च काढलं. तरुण हिस्लॉप या बाहेर पडणाऱ्यांच्या बाजूला गेले. त्या नव्या चर्चला मध्य भारतात काम सुरू करायचं होतं. त्यासाठी कॅप्टन हिल नावाच्या एका लष्करी अधिकाऱ्याने आपल्याजवळची मोठी रक्कम देऊ केली होती. माणूस हवा होता. हिस्लॉप तयार झाले.

१८४४ मध्ये त्यांचं लग्न झालं आणि वर्षअखेरीला नवराबायको मुंबईत उतरले. वय सत्तावीस.  तिथे मराठीचे पहिले धडे घेऊन हे जोडपं नागपूरच्या वाटेला लागलं. मित्रांनो, तेव्हा मुंबई-ठाणे रेल्वेसुद्धा नव्हती, ती आली १८५३ ला. नागपूरला रेल्वे पोचली १८६७ मध्ये. आपण दिवाळीला विदर्भ एक्सप्रेसचं वेटिंग तिकीट कन्फर्म झालं नाही म्हणून रडतो, त्यांनी तो सगळा प्रवास रस्त्याने केला. १८४५ च्या फेब्रुवारीत ते कामठीला पोचले.

नागपुरात त्या वेळी भोसल्यांचं राज्य होतं. तिसरे रघुजी गादीवर होते. कामठीला इंग्रजांची छावणी होती. १८४६ मध्ये हिस्लॉप यांनी नागपुरात शाळा काढली. १८४७ मध्ये रॉबर्ट हंटर हे दुसरे मिशनरी मदतीला आले. शाळेत इंग्रजी, मराठी, गणित, भूगोल असे विषय शिकवायचे आणि बरोबर बायबल. धर्मप्रसार हा हेतू त्यांनी कधी लपवला नाही, आणि त्यामुळे शहरात त्यांच्याविषयी दोन मतं होती. अनेक घरांना मुलगा इंग्रजी शिकावा असं वाटे पण धर्म सोडेल ही धास्तीही वाटे. ती धास्ती खोटी नव्हती. एखाद्याने धर्म बदलला की शाळा ओस पडायची आणि मग पुन्हा हळूहळू भरायची. हा भाग झाकून ठेवून त्यांचं चरित्र लिहिलं तर ते अर्धवट होईल, म्हणून सांगितलं.

थंडीच्या दिवसांत हिस्लॉप तंबू घेऊन गावोगाव फिरत. बोलायचं मराठीत. या फिरण्यातूनच दुसरं काम सुरू झालं, ज्याच्यासाठी त्यांना कोणी पगार देत नव्हतं. रस्त्याकडेचा दगड उचलून बघायची त्यांना सवय होती.

कामठीच्या जवळ सिलेवाडा नावाचं गाव आहे. तिथल्या वाळूच्या दगडाच्या खाणीत पाथरवट फरशा काढत. फरशी उकलली की कधी कधी आत पानाचा ठसा निघे. लांबट, जिभेसारखं पान, मधोमध शीर आणि दोन्ही बाजूंना जाळीदार नक्षी. याला ग्लोसोप्टेरिस म्हणतात, ग्लोसा म्हणजे ग्रीकमध्ये जीभ. फ्रान्सच्या ब्राँन्यार यांनी हे नाव १८२८ मध्येच दिलं होतं. तेच पान बंगालमध्ये कोळशाच्या थरांत सापडत होतं, ऑस्ट्रेलियातही सापडत होतं. हिस्लॉप यांनी ही पानं गोळा करायला सुरुवात केली.

मग आलं टाकळी. आता टाकळी नागपूर शहरातच गेली आहे, तेव्हा ती शहराबाहेरची मोकळी जागा होती. १८५१ च्या सुमारास हिस्लॉप आणि हंटर तिकडे फिरायला गेले असताना त्यांना दगडात एक शंख दिसला. गोड्या पाण्यातला, अगदी चिमुकला. पुढे ते दोघे तिथे पुन्हा पुन्हा जात राहिले आणि त्या एका थरातून काय काय निघालं बघा. शंख-शिंपले, माशांचे अवशेष, हाडं, फळं, बिया, लाकडाचे तुकडे आणि भुंग्यांचे पंखसुद्धा. दोन लाव्ह्यांच्या मध्ये एक तळं जसंच्या तसं दाबून ठेवलेलं.

हे घडतं कसं ते सिव्हिलवाल्यांनी तरी समजून घ्यावं. दख्खनचा लाव्हा एका दमात आला नाही. एक थर वाहून आला, थंड झाला, मग मोठी विश्रांती. त्या काळात खळग्यांत पाणी साचलं, तळी झाली, त्यात गोगलगायी आल्या, काठावर झाडं वाढली. मग वरून पुढचा लाव्हा आला आणि झाकण बसलं. तळ्याच्या गाळात सिलिका मुरून तो गारगोटीसारखा कडक झाला, आणि आतले जीव दगड होऊन टिकले. अशा थराला इंटरट्रॅपिअन म्हणतात. आपल्या जवळचं उदाहरण हवं तर वरळीच्या टेकडीचं घ्या. तिथल्या अशाच थरात बेडकांचे सांगाडे सापडले होते आणि लंडनच्या रिचर्ड ओवेन यांनी १८४७ मध्ये त्यांचं वर्णन केलं होतं.

लाव्ह्यातले शंख पहिल्यांदा हिस्लॉप यांनाच दिसले असं नाही. त्यांच्याआधी व्हॉयसी आणि माल्कमसन या दोन डॉक्टरांनी मध्य भारतात ते पाहिले होते. हिस्लॉप यांचं वेगळेपण ते पुढे काय करत यात आहे. नागपुरात ना ग्रंथालय होतं, ना संग्रहालय, ना तुलनेला दुसरा नमुना. समोरचा शंख कुठल्या जातीचा हे ठरवायचं तर शेजारी ठेवायला ओळखीचा शंख हवा. आपल्या ट्रेमध्ये चिठ्ठी आयती असते, त्यांना चिठ्ठी स्वतः लिहायची होती. त्यांनी दोन गोष्टी केल्या. एक, नमुना कुठल्या गावाजवळ, कुठल्या थरात, कशाच्या वर आणि कशाच्या खाली सापडला याची नोंद ठेवली. दोन, स्वतःला जे जमणार नाही ते ज्याला जमेल त्याच्याकडे पाठवलं. पेट्या भरभरून दगड समुद्रमार्गे लंडनला गेले. भुंग्यांचं काम अँड्र्यू मरे यांनी केलं. तळ्यातल्या सूक्ष्म कवचधारी जीवांचं काम रूपर्ट जोन्स यांनी. पानं गेली चार्ल्स बनबरी यांच्याकडे. खनिजं गेली डब्लिनच्या सॅम्युअल हॉटन यांच्याकडे. नागपूरच्या दक्षिणेला सुमारे साठ मैलांवर मांगली नावाचं गाव आहे, तिथल्या लाल दगडात एक चपटी कवटी मिळाली होती. ती ओवेन यांच्याकडे गेली. त्यांनी तिला ब्रॅकिऑप्स लॅटिसेप्स नाव दिलं. तो बेडकांच्या दूरच्या नात्यातला, आता नामशेष झालेला मोठा उभयचर होता.

शंख-शिंपल्यांचं काम मात्र हिस्लॉप यांनी स्वतः अंगावर घेतलं. १८५५ मध्ये लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीच्या त्रैमासिकात हिस्लॉप आणि हंटर यांचा नागपूर परिसराच्या भूशास्त्रावरचा मोठा लेख छापून आला. त्याच वर्षी तब्येतीमुळे हंटर मायदेशी परतले. दरम्यान १८५४ मध्ये भोसल्यांचं राज्य खालसा झालं होतं. १८५८ च्या अखेरीला हिस्लॉपही काही काळ स्कॉटलंडला गेले आणि तिथे बसून त्यांनी इंटरट्रॅपिअन शिंपल्यांची तपासणी पूर्ण केली. १८६० च्या लेखात त्यांनी नव्या जातींना नावं दिली. एका गोगलगायीचं नाव सक्सिनिया नागपुरेन्सिस. दोन शिंपल्यांना त्यांनी माणसांची नावं दिली, एक सहकारी हंटर यांचं आणि दुसरं आधी काम करून गेलेल्या माल्कमसन यांचं. स्वतःचं नाव कुठेच नाही.

आता मुख्य प्रश्न. या सगळ्याचं वय काय? आणि इथेच आपल्या ट्रेमधलं ते शिंग परत आठवतं.

सिलेवाड्याच्या पानांबरोबर एखादा समुद्री प्राणी सापडला असता, एखादा रुगोज प्रवाळ मिळाला असता, तर प्रश्न तिथेच मिटला असता. पण तिथे समुद्रच नव्हता. उरली फक्त पानं. युरोपातल्या जाणकारांना ती पानं आणि बरोबरच्या वनस्पती इंग्लंडमधल्या ज्युरासिक काळातल्या वनस्पतींसारख्या वाटत होत्या. हिस्लॉप यांनीही तसंच मानलं आणि १८६१ च्या लेखात नागपूरचा कोळसा व वालुकाश्म ज्युरासिक काळाचा ठरवला. गंमत अशी की तिकडे ऑस्ट्रेलियात हाच वाद पेटला होता. मेलबर्नचे प्राध्यापक मॅकॉय म्हणत ज्युरासिक. सिडनीकडचे क्लार्क, तेसुद्धा एक पाद्रीच, म्हणत त्याहून खूप जुना. कारण तिथे कोळशाचे थर आणि समुद्री जीवाश्मांचे थर एकमेकांत मिसळलेले होते आणि ते समुद्री जीव जुन्या युगाचे होते. क्लार्क बरोबर ठरले. ग्लोसोप्टेरिस पर्मियन काळातलं निघालं. आपल्याकडेही १९२१ मध्ये मध्य प्रदेशातल्या उमरियाजवळ कोळशाच्या प्रदेशात समुद्री शिंपल्यांचा एक थर सापडला आणि पर्मियन वयाला बळकटी आली. म्हणजे हिस्लॉप यांचं उत्तर थोडंथोडकं नाही, काही कोटी वर्षांनी चुकलं होतं.

टाकळीच्या तळ्याचंही तेच. ते त्यांनी इओसीन काळात टाकलं, डायनासोर संपल्यानंतरच्या बऱ्याच नव्या काळात. पुढे शंभर वर्षांहून जास्त काळ अनेकजण तसंच मानत राहिले. १९८० च्या दशकात माशांचे दात, सूक्ष्म जीवाश्म आणि लाव्ह्याची किरणोत्सर्गी पद्धतीने मोजलेली वयं यांवरून चित्र बदललं. दख्खनचा मुख्य लाव्हा सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा, म्हणजे डायनासोरांच्या शेवटच्या दिवसांतला. टाकळीचा शंख त्याच्याच आसपासचा.

इथे मी थांबलो. मनात आलं, ज्या माणसाची दोन मोठी उत्तरं चुकली त्याचं चरित्र आपण का वाचायचं? आपल्याकडे तर उत्तर चुकलं की शून्य.

पण नीट विचार केल्यावर लक्षात येतं की हिस्लॉप यांचं उत्तर पुढच्यांनी दुरुस्त केलं ते बऱ्याच अंशी त्यांच्याच नोंदी आणि नमुने हाताशी होते म्हणून. कुठलं पान कुठल्या खाणीतलं, कुठला शंख कुठल्या थरातला, हे लिहिलेलं होतं. नमुना जपलेला होता. म्हणून दुसरा माणूस तिथे जाऊन पुन्हा बघू शकला. आणि वय चुकलं तरी एक गोष्ट त्यांनी बरोबर पकडली होती. नागपूरची पानं आणि बंगालच्या कोळशातली पानं एकाच कुळातली आहेत, म्हणून हे थर एकमेकांचे भाऊबंद आहेत. पुढे वरोऱ्याला १८७० च्या दशकात कोळशाची खाण सुरू झाली. सिलेवाडा, कामठी, उमरेड, चंद्रपूर इथून कोळसा निघू लागला. कोराडी आणि खापरखेड्याची वीजकेंद्रं त्याच पट्ट्यात उभी राहिली. इलेक्ट्रिकलच्या मित्रांनो, ज्या विजेवर तुम्ही रात्री दोन वाजता सिनेमे बघता तिच्यात त्या जिभेसारख्या पानांचा वाटा आहे!

दगडांखेरीज माणसांकडेही हिस्लॉप यांचं लक्ष होतं. नागपूर, छिंदवाडा, चांदा या भागांतल्या गोंडांची भाषा, देवदेवता, चालीरीती त्यांनी उतरवून घेतल्या. लिंगोची प्रदीर्घ गाणी परधानांच्या तोंडून ऐकून लिहून घेतली. गोंडी आणि इतर बोलींच्या शब्दांच्या याद्या केल्या. पुस्तक करायचं मनात होतं. ते त्यांच्या हातून व्हायचं नव्हतं. पुढे या जंगलांच्या प्रदेशावरून तिथल्या खडकांना गोंडवाना हे नाव मिळालं आणि नंतर एका प्राचीन महाखंडालाही तेच नाव पडलं.

१८६० च्या अखेरीला हिस्लॉप नागपूरला परत आले. १८६१ मध्ये मध्य प्रांत स्थापन झाला आणि पुढच्या वर्षी रिचर्ड टेंपल तिथले प्रमुख अधिकारी म्हणून आले. त्यांना या पाद्रीबुवांच्या माहितीचा मोठा आधार वाटे. आणि मग १८६३ चा सप्टेंबर उजाडला.

माझं गाव बुटीबोरीच्या बाजूला आहे. आता तिथे मोठी एमआयडीसी आहे. तिथून जवळच टाकळघाट. तिथल्या माळावर मोठमोठ्या धोंड्यांची वर्तुळं आहेत. लहानपणी आम्ही त्या दगडांवर उड्या मारायचो, गुरं राखणारी पोरं सावली शोधत तिथे बसायची. ती वर्तुळं म्हणजे प्राचीन माणसांची दफनं आहेत हे आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टेंपल आणि हिस्लॉप ती वर्तुळं उकरून बघायला टाकळघाटला गेले होते. काम झालं. टेंपल आणि बाकीची मंडळी बोरीच्या मुक्कामाला पुढे निघाली. हिस्लॉप मागे राहिले, गावातली शाळा तपासायला. शाळा तपासून संध्याकाळी ते एकटेच घोड्यावरून निघाले.

वाटेत एक नाला होता. सकाळी त्याला जेमतेम पाणी होतं. दिवसभरात वर कुठेतरी पाऊस पडला आणि नाला फुगला. विदर्भातल्या नाल्यांचं हे असंच असतं, आभाळ आपल्या डोक्यावर कोरडं आणि पाणी मात्र कमरेला. अंधारात त्यांनी घोडा पाण्यात घातला. मुक्कामावर घोडा एकटाच पोचला. माणसं कंदील घेऊन शोधायला धावली. नाल्यात त्यांचा देह मिळाला. सेहेचाळिसावा वाढदिवस चार दिवसांवर होता.

मी तो सगळा परिसर गेल्या पावसाळ्यात पुन्हा जाऊन पाहिला. आता पूल आहेत. पुलावर उभं राहून खाली बघितलं तर गढूळ पाणी, वाहत आलेला काडीकचरा. आजी लहानपणी ओरडायची, नाल्याला पूर असताना पलीकडे जायचं नाही, त्याने मोठमोठ्यांना नेलंय. ते मोठमोठे कोण याचा विचार तेव्हा केला नव्हता. हिस्लॉप यांचं नाव आजीला माहीत असण्याचं काही कारण नाही. पण तिचं वाक्य त्या दिवशी मला वेगळंच ऐकू आलं.

मृत्यूनंतर त्यांचं अर्धवट काम इतरांनी सांभाळलं. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या दातांवरची आणि हाडांवरची त्यांची टिपणं १८६४ मध्ये लंडनला छापली गेली. आदिवासींवरचे कागद टेंपल यांनी जुळवले आणि १८६६ मध्ये नागपुरातून पुस्तक म्हणून काढले. गोंड समाजावर लिहिणाऱ्यांना त्या पुस्तकाकडे वळावंच लागतं. १८८३ मध्ये त्यांच्या शाळेतून कॉलेज उभं राहिलं, तेच हिस्लॉप कॉलेज. टाकळघाटची वर्तुळं शंभर वर्षांनी, १९६८-६९ मध्ये, नागपूर विद्यापीठातर्फे शां. भा. देव यांच्या देखरेखीखाली पद्धतशीर खणली गेली आणि ती लोहयुगातली आहेत हे समोर आलं.

आणि नावं. ज्याने स्वतःचं नाव कुठल्या शिंपल्याला दिलं नाही, त्याचं नाव इतरांनी भरभरून दिलं. टाकळीच्या हिरव्यागार कॅल्साईटला हॉटन यांनी हिस्लोपाईट म्हटलं. एका प्राचीन पानाला बनबरी यांनी हिस्लोपी नाव दिलं. मालेरीच्या थरातल्या मगरीसारख्या प्राण्याला लायडेकर यांनी १८८५ मध्ये पॅरासुकस हिस्लोपी म्हटलं. आणि मुंबईच्या डॉ. कार्टर यांनी गोड्या पाण्यात वसाहत करून राहणाऱ्या एका जिवंत प्राण्याला १८५८ मध्ये हिस्लोपिया हे नाव दिलं. हा प्राणी प्रवाळ नाही, कुळ वेगळं, पण राहण्याची तऱ्हा थोडी तशीच. हिस्लॉप यांना समुद्रातला प्रवाळ कधी मिळाला नाही, पण तळ्यातला हा त्याचा लांबचा नमुना त्यांच्या नावाने आजही जिवंत आहे.

सुट्टी संपवून ओव्याला परत आलो तेव्हा पाऊस चालूच होता. खारघरचा डोंगर ढगात गेला होता. प्रॅक्टिकलला पुन्हा तो ट्रे समोर आला. शिंग हातात घेतलं, उलटं केलं. खाली जुनी चिठ्ठी होती, तिच्यावर फक्त रुगोज प्रवाळ एवढंच. कुठला, कुठल्या थरातला, कोणी आणला, काही नाही. म्हणजे नाव आहे आणि गाव नाही. असा नमुना कितीही सुंदर असला तरी त्यावरून कोणी काही दुरुस्त करू शकणार नाही. सरांना ते दाखवलं. सर थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, यापुढे फील्ड व्हिजिटला जो जो दगड येईल त्याची चिठ्ठी तू लिहायची.

तर मित्रांनो, सध्या आमच्या बॅचचा चिठ्ठीलेखक मी आहे. उत्तर चुकलं तर चालेल, ते दुरुस्त करणारा कोणीतरी येईल. पण दगड कुठून उचलला ते लिहायला विसरू नका. आणि हो, पावसाळ्यात नाल्याला पाणी असेल तर घाई करू नका. शाळा तपासून उशीर झाला असला तरी.

– द्वितीय वर्ष, स्थापत्य अभियांत्रिकी